एका फटक्याचे सव्वाचारशे रुपये

२०२३ च्या उन्हाळ्यात कॅनडातली एक व्यावसायिक गोल्फ मालिका शेवटची खेळली गेली. तिचं नाव ‘पीजीए टूर कॅनडा’. दहा स्पर्धा, आणि प्रत्येक स्पर्धेत वाटायला दोन लाख कॅनेडियन डॉलर. म्हणजे अख्ख्या हंगामाची बक्षिसं वीस लाख डॉलर, तेव्हाच्या भावाने साधारण बारा कोटी रुपये. आकडा लहान नाही. पण त्याच्याच आदल्या डिसेंबरात आयपीएलच्या लिलावात पंजाब किंग्जने एकट्या सॅम करनवर साडेअठरा कोटींची बोली लावली होती. एका माणसाच्या दोन महिन्यांच्या क्रिकेटला जे मिळतं, त्याच्या दोन तृतीयांशात कॅनडातल्या शेकडो गोल्फपटूंचा हंगाम उरकला.

ज्यांनी गोल्फ फक्त बातम्यांच्या शेवटी पाहिला आहे, त्यांच्यासाठी थोडी ओळख करून द्यायला हवी. टीव्हीवर दिसते ती अमेरिकेतली पीजीए टूर, म्हणजे वरचा मजला. तिच्याखाली कॉर्न फेरी टूर. १९९० मध्ये बेन होगन टूर या नावाने सुरू झालेली ही मालिका प्रायोजक बदलतील तशी नावं बदलत आली: नायकी, बाय डॉट कॉम, नेशनवाइड, वेब डॉट कॉम आणि २०१९ पासून कॉर्न फेरी. तिच्याही खाली तळमजला. तिथे कॅनडा, लॅटिन अमेरिका आणि काही वर्षं चीन अशा तीन मालिका पीजीए टूरच चालवत होती. यांना डेव्हलपमेंटल टूर म्हणतात. कॉलेजातून नुकते बाहेर पडलेले, वरच्या टूरवर खेळायचा परवाना म्हणजे ‘कार्ड’ गमावलेले, तिशी उलटली तरी हट्ट न सोडलेले असे सगळे इथे येतात. हंगामाच्या शेवटी यादीतले पहिले पाच-दहा जण वर जातात. बाकीचे पुढच्या वर्षी पुन्हा नाव नोंदवतात, किंवा नोंदवत नाहीत.

आता या शेवटच्या हंगामाचा हिशोब मांडू. एका स्पर्धेत १५६ खेळाडू. पहिले दोन दिवस सगळे खेळतात, मग ‘कट’ लागतो आणि साधारण ६० जण उरलेले दोन दिवस खेळतात. म्हणजे एका स्पर्धेत ३१२ अधिक १२०, एकूण ४३२ फेऱ्या. शेवटच्या स्पर्धेत खेळाडू कमी असतात, ते वजा करून हंगामाच्या चार हजारांहून थोड्या जास्त फेऱ्या होतात. एका फेरीत चांगला व्यावसायिक सत्तर-एक्काहत्तर फटके मारतो. दहा स्पर्धांचे फटके झाले जवळजवळ तीन लाख. एका फेरीला दहा किलोमीटर चालणं धरलं, तर सगळ्यांनी मिळून चाळीस हजार किलोमीटरांवर पायपीट केली. पृथ्वीचा विषुववृत्तावरचा घेर ४०,०७५ किलोमीटर आहे. तेव्हा या टूरने एका उन्हाळ्यात, गवतावरून, पृथ्वीप्रदक्षिणा केली म्हणायला हरकत नाही.

आणि वीस लाख डॉलर भागिले तीन लाख फटके? एका फटक्याचे पावणेसात-सात कॅनेडियन डॉलर, म्हणजे सव्वाचारशे रुपये.

वरच्या मजल्यावरचा आकडा याच्या शेजारी ठेवू. जगातल्या पहिल्या क्रमांकाच्या स्कॉटी शेफलरने २०२४ च्या हंगामात पीजीए टूरवर अधिकृत बक्षिसांपोटी २,९२,२८,३५७ डॉलर मिळवले. वर्षअखेरीचा अडीच कोटी डॉलरचा बोनस यात धरलेला नाही. त्याच्या फेऱ्या पाऊणशेच्या आत-बाहेर, आणि फटके सुमारे पाच हजार. एका फटक्याचे जवळपास पावणेसहा हजार डॉलर, म्हणजे पावणेपाच लाख रुपयांच्याही वर. त्यात चेंडू होलच्या काठावर आल्यावर वीतभर अंतरावरून ढकलायचा फटकाही आला. त्याचेही पावणेपाच लाख. वरचा फटका आणि तळमजल्यावरचा फटका यांत अकराशे पटींचा फरक निघतो.

खेळात अकराशे पटींचा फरक असेल का? शेफलर त्या वर्षी टूरच्या सरासरी खेळाडूपेक्षा दर फेरीला सुमारे अडीच फटक्यांनी सरस होता, आणि गोल्फमध्ये एवढा फरक म्हणजे दहशत. एक्काहत्तरात अडीच. साडेतीन टक्के. तळमजल्यावरचे खेळाडू त्या सरासरीहून आणखी एखाद-दोन फटके मागे धरा. तरी सगळा पसारा पाच-सहा टक्क्यांत बसतो. पाच-सहा टक्के जास्त गोड आंबा अकराशे पट किमतीला कुणी घेणार नाही, पण गोल्फचा बाजार असाच चालतो.

याला कारण बक्षिसांचं वाटप. पीजीए टूरच्या घराण्यात विजेत्याला एकूण रकमेच्या १८ टक्के देण्याची जुनी रीत आहे. कॅनडात ते झाले ३६,००० डॉलर, सुमारे बावीस लाख रुपये. दुसऱ्याला अकरा टक्क्यांच्या आसपास. तिथून आकडा दरीत कोसळतो. पंचविसाव्या क्रमांकाला एक टक्काही मिळत नाही, जेमतेम सोळाशे डॉलर. साठाव्याला पाचशेच्या आसपास. आणि कट हुकलेल्या नव्वद-पंच्याण्णव जणांना काहीच नाही. त्यांच्यातला एखादा एकाच फटक्याने बाहेर गेलेला असला तरी.

खर्च मात्र सगळ्यांना सारखा. प्रवेश फी, विमान, भाड्याची गाडी, चार-पाच रात्रींचा मुक्काम, जेवण, आणि ठेवलाच तर कॅडी. कुणाच्या तरी घरी पाहुणा म्हणून राहायची सोय झाली, तिघांनी मिळून गाडी घेतली, पिशवी स्वतःच्या खांद्यावर टाकली, तरी आठवड्याला हजार-दीड हजार डॉलर सहज उडतात. म्हणजे पंचविसाव्या क्रमांकाच्या खाली कुठेतरी तोटा सुरू होतो. सोमवारी १५६ जण येतात आणि रविवारी त्यांतले सव्वाशे-एकशे तीस जण पैसे घालवून परत जातात. आपल्याकडे ज्या धंद्यात दर आठवड्याला पाचांतले चार बुडतात त्याला धंदा म्हणत नाहीत. इथे त्याला विकास म्हणतात.

प्रवासाचंही एक गणित आहे. हा हंगाम पॅसिफिकच्या काठावरच्या व्हिक्टोरियापासून क्वेबेकपर्यंत पसरलेला. व्हँकुव्हरहून ओटावाला रस्त्याने जायचं तर चार हजार किलोमीटरांच्या वर, म्हणजे मुंबई ते दिल्ली तीनदा. लॅटिन अमेरिकेतल्या जुळ्या टूरवर अंतरासोबत उंचीही बदलायची. क्विटो समुद्रसपाटीपासून २,८५० मीटरवर आहे, बोगोटा २,६०० मीटरवर. आपलं कळसूबाई १,६४६ मीटर. हवा विरळ असल्याने चेंडूला अडवणारं काही कमी असतं, आणि तोच फटका दहा टक्के किंवा त्याहूनही लांब जातो. गोल्फपटूचं सगळं शहाणपण ‘या काठीने चेंडू इतके यार्ड जातो’ या पाठांतरावर उभं असतं. मेक्सिकोच्या किनाऱ्यावर एका आठवड्यात पाठ केलेला तक्ता पुढच्या आठवड्यात डोंगरावर विसरायचा, आणि ब्युनोस आयर्सला उतरल्यावर पुन्हा आठवायचा.

विरळ हवेचे आकडे बाकी डोळे विस्फारायला लावणारे असतात. फेब्रुवारी २०२४ मध्ये बोगोटात कॉर्न फेरी टूरच्या स्पर्धेत चिलीच्या क्रिस्तोबाल देल सोलारने ५७ ची फेरी खेळली. मैदानाचा पार, म्हणजे अपेक्षित फटके, ७०; तेव्हा हे १३ फटके कमी. पीजीए टूरने मान्यता दिलेल्या कुठल्याही स्पर्धेतली ही सर्वांत कमी फटक्यांची फेरी. त्याच स्पर्धेत ऑल्ड्रिच पॉटगीटर नावाच्या दक्षिण आफ्रिकेच्या पोराने ५९ मारले. देल सोलार लॅटिन अमेरिकेच्या टूरवर मुरलेला खेळाडू, ही हवा त्याच्या ओळखीची. स्पर्धा मात्र त्याने जिंकली नाही. इतिहासातली सर्वांत कमी फटक्यांची फेरी खेळून बक्षीस दुसऱ्याला! बाकीच्या तीन दिवसांचा खेळही मोजतात, एवढंच त्याचं उत्तर.

त्याआधी २०१६ मध्ये याच मधल्या मजल्यावर स्टेफान येगरने ५८ मारले होते. आणि त्याच्याही आधी, २००१ मध्ये, जेसन बोननं ५८ मारले ते कॅनडात. पीजीए टूरने ताबा घेण्यापूर्वीच्या जुन्या कॅनेडियन टूरवर, स्पर्धेच्या शेवटच्या दिवशी. या बोनची गोष्ट आकड्यांच्या लेखात न सांगणं म्हणजे पाप आहे. १९९२ मध्ये तो अलाबामा विद्यापीठात शिकत होता. धर्मादाय कामासाठी भरवलेल्या एका स्पर्धेत ‘एका फटक्यात चेंडू होलमध्ये टाका, दहा लाख डॉलर घ्या’ अशी अट होती. हौशी खेळाडूला एका फटक्यात होल साधण्याची शक्यता साधारण साडेबारा हजारांत एक धरतात. बोनने साधला. पण पैसे घेतले तर हौशी दर्जा जातो आणि कॉलेजच्या संघातून बाहेर पडावं लागतं. त्याने पैसे घेतले. वर्षाला पन्नास हजार डॉलर, वीस वर्षं. तळमजल्यावर पाचांतले चार बुडत असताना त्याच्या मागे दरवर्षी पन्नास हजारांची उशी होती. पुढे त्याने पीजीए टूरवर दोन स्पर्धा जिंकल्या. त्या वीस हप्त्यांशिवाय तो किती वर्षं टिकला असता, हा प्रश्न मला त्याच्या ५८ पेक्षा मोठा वाटतो.

तळमजल्याच्या या टूर नेमकं काय मोजतात, तेही मग तपासायला हवं. सांगितलं असं जातं की त्या उद्याचे चांगले खेळाडू निवडून देतात. पण निवड करायला माप पुरेसं बारीक लागतं. एकाच व्यावसायिकाचा स्कोर रोज सारखा येत नाही. आज ६७, उद्या ७२, परवा ६९. मैदानाची अवघडता बाजूला काढली तरी हा रोजचा चढउतार साधारण पावणेतीन फटक्यांचा असतो. म्हणजे जगातल्या पहिल्या क्रमांकाच्या खेळाडूची सरासरी माणसावरची आघाडी अडीच, आणि कुठल्याही खेळाडूच्या स्वतःच्या लहरीपणाचं माप पावणेतीन. एका दिवसाच्या स्कोरवरून कोण बरा खेळाडू हे ठरवणं जवळजवळ नाणेफेकच.

जास्त फेऱ्या खेळवल्या की लहर कमी होते, पण कंजूसपणे. फेऱ्या चौपट केल्या तर चूक निम्मी होते. दहा स्पर्धांच्या हंगामात एखादा खेळाडू अधूनमधून कट हुकवतो, म्हणून चाळीसच्या जागी ३६ फेऱ्या धरू. (वर्गमूळ सोपं जातं, हेही एक कारण.) पावणेतीन भागिले सहा, म्हणजे ०.४६. हंगामाअखेर एखाद्याची जी सरासरी दिसते तिच्यात सुमारे अर्ध्या फटक्याची चूक असणं अगदी सामान्य आहे. आता यादीतला पाचवा आणि पंधरावा यांच्या खऱ्या कौशल्यात किती फरक असेल? माझ्या अंदाजाने अर्ध्या फटक्याहून कमीच. वरच्या टूरवर तर अर्ध्या फटक्याच्या पट्टीत डझनावारी खेळाडू दाटीने उभे असतात. जे मोजायचं आहे ते मापाच्या चुकीहून लहान आहे.

मग ही चूक एक दशांश फटक्यावर आणायला किती फेऱ्या लागतील? ७५६. हंगामाला ३६ प्रमाणे एकवीस हंगाम. पीजीए टूर कॅनडा जगली २०१३ ते २०२३, आणि त्यातही २०२० चा हंगाम कोविडने गिळला. तिने ज्या प्रश्नाचं उत्तर द्यायचं होतं, त्याला लागणाऱ्या वेळेच्या निम्मंही आयुष्य तिला मिळालं नाही.

याचा अर्थ इथून वर गेलेले लोक नुसते नशीबवान होते असा नाही. २०१३ च्या यादीत अव्वल आला मॅकेन्झी ह्यूज, २०१४ मध्ये जोएल डाहमेन, २०१५ मध्ये जे. जे. स्पॉन. तिघांनीही पुढे पीजीए टूरवर स्पर्धा जिंकल्या. स्पॉनचं उदाहरण थोडं थांबून बघण्यासारखं आहे. कॅनडातल्या विजेतेपदानंतर त्याला मधुमेह झाला, सुरुवातीला प्रकार दोनचा समजून चुकीचे उपचार झाले. २०२४ मध्ये कार्ड राहतं की जातं अशी वेळ आली होती. आणि जून २०२५ मध्ये, ओकमाँटला, यूएस ओपनच्या शेवटच्या होलवर त्याने ६४ फुटांवरून पट, म्हणजे होलकडे चेंडू ढकलायचा फटका, मारला आणि तो आत गेला. चार दिवसांत पारच्या खाली राहिलेला तो एकटाच, तोही एका फटक्याने. बक्षीस ४३ लाख अमेरिकी डॉलर. कॅनडाच्या शेवटच्या हंगामाच्या भावाने हे जवळजवळ तीन संपूर्ण हंगामांचे पैसे होतात. पण माझं बोट जातं ते २०१५ च्या यादीत स्पॉनच्या खाली असलेल्या नावांवर. त्या वर्षी त्याच्यापेक्षा फेरीमागे पाव फटका बरा असूनही विसाव्या क्रमांकावर राहिलेला कुणी होता का? गणित सांगतं, असण्याची शक्यता भरपूर आहे. तो कोण, हे कुठल्याच यादीत सापडणार नाही.

एका फटक्याची किंमत वर चढताना कशी फुगते, हे पुण्यात जन्मलेल्या अनिर्बन लाहिरीला विचारावं. मार्च २०२२ मध्ये पीजीए टूरच्या प्लेयर्स चॅम्पियनशिपमध्ये तो कॅमेरॉन स्मिथच्या मागे एका फटक्याने दुसरा आला. स्मिथला ३६ लाख डॉलर, लाहिरीला २१ लाख ८० हजार. मधल्या एका फटक्याचे १४ लाख २० हजार डॉलर, तेव्हाचे जवळजवळ अकरा कोटी रुपये. कॅनडातला संपूर्ण हंगाम बारा कोटींचा होता, हे इथे पुन्हा लिहायला हवं.

२०२३ मध्येच, कॅनडाची टूर आपला शेवटचा हंगाम खेळत असताना, ११ जूनला निक टेलरने कॅनेडियन ओपनच्या प्लेऑफमध्ये ७२ फुटांवरून ईगल (पारहून दोन फटके कमी) साधणारा पट घातला. १९५४ नंतर, म्हणजे ६९ वर्षांनी, कॅनडाचा माणूस कॅनडाची स्पर्धा जिंकला. शॅम्पेन उडवत मैदानात धावलेल्या गोल्फपटू ॲडम हॅडविनला सुरक्षारक्षकाने प्रेक्षक समजून लोळवलं. हॅडविन त्याच कॅनेडियन टूरवरून वर आलेला. देशाने जवळजवळ सत्तर वर्षांनी असा जल्लोष केला त्या उन्हाळ्यातच त्याची तळमजल्याची मालिका गुंडाळली गेली. पीजीए टूरचा निर्णय आधीच झालेला होता, टेलरचा पट त्याला आडवा येणार नव्हता.

तळमजल्याच्या टूर मरणं काही नवीन नाही. पीजीए टूरची चीन मालिका २०१४ मध्ये सुरू झाली. पहिल्याच वर्षी ली हाओतोंग अव्वल आला, २०१६ मध्ये दोऊ त्सचेंगने चार स्पर्धा जिंकल्या. मग २०१७ ला खंड, २०१८-१९ ला पुनरागमन, आणि कोविडनंतर शांतता. सीमा बंद होत्या म्हणून २०२१ मध्ये अमेरिकेत फॉर्म टूर नावाची आठ स्पर्धांची मालिका काढली, ती जन्मली आणि संपली एकाच वर्षात. इंग्लंडमधली यूरोप्रो टूर वीस वर्षं चालून २०२२ मध्ये बंद झाली. तिच्यावर २०१४ च्या सुमारास खेळलेल्या, भारतीय वंशाच्या ॲरन रायने दहा वर्षांनी पीजीए टूरवरची विंडम चॅम्पियनशिप जिंकून १४ लाख २२ हजार डॉलर घेतले. म्हणजे खालची टूर पीक काढायला दहा वर्षं घेते, आणि प्रायोजकाचा करार असतो दोन-तीन वर्षांचा. कापणीच्या वेळी पेरणारा शिल्लकच नसतो.

कॅनडा आणि लॅटिन अमेरिका या दोन मालिका जोडून २०२४ पासून पीजीए टूर अमेरिकाज उभी राहिली. सोळा स्पर्धा: आधी सहा लॅटिन अमेरिकेत, मग दहा उत्तरेत. प्रत्येकीत सव्वादोन लाख अमेरिकी डॉलर. क्विटोच्या २,८५० मीटरवरून व्हिक्टोरियाच्या समुद्रकाठापर्यंत सरळ रेषेत साडेसहा-सात हजार किलोमीटर, एकाच हंगामात. वर जाण्याच्या जागा दहा. पूर्वी दोन टूर मिळून पहिल्या पाच-पाच जणांना वर जाता येई, म्हणजे जागा तेवढ्याच. पण खेळायला मिळणारे आठवडे कमी झाले आणि तेवढ्याच तरुणांची गर्दी एका दारावर आली.

माझ्या हिशोबाने या बदलात एक चांगलीही गोष्ट आहे. सोळा स्पर्धा म्हणजे कट धरून पंचावन्न-साठ फेऱ्या, आणि सरासरीतली चूक ०.४६ वरून ०.३७ च्या आसपास येते. माप थोडं बारीक झालं. पण दारंही त्याच वेळी अरुंद होत गेली. कॉर्न फेरीवरून पीजीए टूरवर जाणाऱ्यांची संख्या २०२५ पासून तीसवरून वीस झाली, आणि वरच्या मजल्यावर जागा टिकवणाऱ्यांची १२५ वरून १००. चुकीतली सुधारणा एक पंचमांश, कॉर्न फेरीवरून निघणाऱ्या जागांतली कपात एक तृतीयांश. तळमजल्यावरच्या मुलाने यांतलं कुठलं गणित मनाशी धरावं, हे त्याच्या बँकेतल्या शिल्लकीवर अवलंबून आहे. नव्या टूरवर पंचविसाव्या क्रमांकाला, जुन्याच प्रमाणाने, अठराशे अमेरिकी डॉलर मिळतात, आणि क्विटोचं विमान कॅनडातल्या गाडीभाड्याहून महाग आहे.